सिंकमधला हुंकार

सासूबाई गेल्या आणि थोड्याच दिवसांत स्वयंपाकघरातलं सिंक बोलायला लागलं. भांडी धुऊन झाली, शेवटचं पाणी जाळीतून खाली उतरलं, की आतून आवाज यायचा, "हुं." आखूड, नाकातून काढलेला. भाजी चिरताना सुनेचं काही चुकलं की सासूबाई अगदी तस्संच करायच्या. बोलायच्या काही नाहीत, नुसतं "हुं."

सुनेनं आधी हसण्यावारी नेलं. मग एका दुपारी तिच्या लक्षात आलं, की आपण धुतलेलं पातेलं पुन्हा घासतोय आणि वर म्हणतोयही, "हो, घासते."

नवऱ्याला सांगितलं तर तो म्हणाला, "पाइपात हवा अडकत असेल. रविवारी बघतो." रविवार आले नि गेले.

नणंद वयानं मोठी, जवळच राहायची. ती एकदा पेला विसळायला उठली आणि तो आवाज ऐकून जागच्या जागी थिजली. नळ पुन्हा सोडला, पुन्हा ऐकला. मग ओट्याला टेकून, तोंडावर हात दाबून रडली. त्यानंतर ती रोज यायला लागली. आल्या आल्या सिंकपाशी. नळ सोडायची, बंद करायची, कान द्यायची. सुनेच्या अंगावर काटा यायचा, पण नको तरी कसं म्हणणार?

शेवटी सिंकखालचं कपाट ओलं झालं. गंजलेल्या जाळीच्या कडेनं पाणी ठिबकत होतं. प्लंबर आज येतो, उद्या येतो करत राहिला. सून स्वतःच दुकानात गेली आणि नवी जाळी, वॉशर, पाइप घेऊन आली.

"नको गं," नणंद म्हणाली. "खाली बादली ठेवू."

"ताई, फळी कुजलीय."

"मग फळी बदल."

सून खाली बसली. कपाट रिकामं करू लागली. थोड्या वेळानं नणंद शेजारी येऊन बसली. "दे तो पाना इकडे. तुझ्यानं नाही निघायची ती पाइपाची चाकी."

चाकी हट्टालाच पेटली होती. एकीनं वरून जाळी दाबून धरली, दुसरीनं खालून जोर लावला, तेव्हा कुठे करकरत फिरली. पाइप सुटला, काळा गाळ भस्सकन बादलीत पडला आणि दोघींनी नाकं धरली. जाळी उचलली. सिंकच्या बुडाला नुसतं गोल भोक उरलं. नळ बंद होता, पाइप जमिनीवर सुटा पडला होता.

"हुं."

दोघींनी एकमेकींकडे पाहिलं नाही. नणंद हळूच उठली, सिंकवर वाकली.

"आई," ती त्या भोकात म्हणाली, "रागावलीस?"

भोकातून खालची ओली फळी तेवढी दिसत होती. तिनं पुन्हा विचारलं, मग आवाज चढवून विचारलं. "बोल ना! रोज बोलतेस की!"

सुनेनं तिचे खांदे धरून तिला मागे घेतलं.

"मला काहीच म्हणाली नाही गं जाताना," नणंद म्हणाली.

"मलाही नाही, ताई."

मग दोघींनी कड खरवडून कोरडी केली, वॉशर नीट बसवले, चाकी आवळली. नळ सोडला. पाणी गपगुमान निघून गेलं. थेंब गळला नाही. नणंदेनं नळ पुन्हा सोडला, बंद केला, कान दिला.

संध्याकाळी नवरा आला, हात धुतले, वाकून पाहिलं. "अरे वा! मी येत्या रविवारी करणारच होतो."

"आज इथेच राहू का?" नणंदेनं विचारलं.

सुनेनं सासूबाईंची खोली उघडली. इतके दिवस ती कुणी उघडलीच नव्हती. आत कोंदट झालं होतं. तिनं खिडकी लोटली, पलंगावर धुतलेली चादर घातली. नणंद सासूबाई झोपायच्या ती भिंतीकडची बाजू मोकळी सोडून अगदी काठावर आडवी झाली.

"ताई, पडाल हो. सरका की आत."

"नको. असू दे."

सुनेनं दिवा मालवला. "दार ओढून घेऊ?"

"उघडंच राहू दे," नणंद भिंतीकडे बघत म्हणाली.