दादाची हाक

सिनेमावाले त्याला सगळेराव म्हणत. न्यायाधीश हवा, बोलवा सगळेरावाला; खाटीक हवा, बोलवा सगळेरावाला; नायिकेचा तापट बाप ऐनवेळी आजारी पडला, तरी सगळेरावच. चाळीस वर्षांत पोस्टरवर त्याचा चेहरा कधी आला नाही, पण काम अडलं की पहिला फोन त्याला जाई. माणूस हुबेहूब उभा करण्यात त्याचा हात धरणारा कोणी नव्हता.

त्याची पद्धत साधी होती, आणि खरं सांगायचं तर थोडी चोरटी. प्रत्येक भूमिकेसाठी तो ओळखीतला एक माणूस गाठायचा आणि त्याची एखादी लकब उचलायचा. डॉक्टरांचं मान खाजवणं, घरमालकाचं किल्ल्या वाजवत बोलणं, सासऱ्यांचा खोकला. सासऱ्यांना तर आपला खोकला पडद्यावर इतका आवडला, की ते पाहुण्यांना मुद्दाम बसवून दाखवत. पण सगळे सासरे नसतात.

एका मालिकेत त्याला पोस्टातल्या कारकुनाचं काम मिळालं. त्याचा थोरला भाऊ पोस्टातच खिडकीवर बसायचा. दादा बोलताना अडखळायचा, लहानपणापासून. सगळेरावाने ते अडखळणं जसंच्या तसं उचललं, ओठ दाबून डोळे मिटण्यासकट. मालिका धो धो चालली. आयुष्यातलं एकमेव बक्षीस त्याला त्या कारकुनाने मिळवून दिलं. तिकडे दादाच्या खिडकीवर लोक "प-प-पाकीट द्या" म्हणत दात काढू लागले. दादाने मागच्या खोलीत, पत्रं लावायच्या कामावर बदली मागून घेतली आणि धाकट्याशी बोलणं टाकलं.

सगळेराव आधी म्हणाला, एवढं काय मनाला लावून घ्यायचं? मग माफी मागायला आज जाऊ, उद्या जाऊ करत त्याने नऊ वर्षं काढली. दादा गेला तेव्हा तो परगावी शूटिंगला होता, मेलेल्या माणसाचं काम करत.

दोन महिन्यांनी त्याने वहिनीच्या दारावरची घंटा वाजवली. माफी मागायची ती आता तिच्याकडेच. ती दार लावून घेईल अशी त्याला भीती होती, चांगलीच होती. तिने आत घेतलं, खुर्ची दिली, पाणी दिलं.

"वहिनी, माझं चुकलं," तो म्हणाला. रस्ताभर त्याने हे वाक्य चार तऱ्हांनी म्हणून पाहिलं होतं. तोंडातून आली ती पाचवीच तऱ्हा, अगदी सपाट.

"ते राहू द्या, भावजी. एक मागू?" वहिनी म्हणाली. "फोटो ढीगभर आहेत, पण ह्यांचा आवाज माझ्याकडे कशातच नाही. तुम्हाला तो जमतो. कामावरून आले की दारातून मला हाक मारायचे, तेवढी एकदा ऐकवा."

सुटलो, असं त्याच्या मनात आलं. एवढ्यावर भागत असेल, तर देवच पावला म्हणायचा. तो दारात जाऊन उभा राहिला, खांदे पाडले, दादाचा जड, घोगरा आवाज घशात आणला.

"अ-अ-अगं, च-चहा टाक."

वहिनीच्या अंगावर काटा आला. पण तिने मान हलवली. "आवाज तोच. पण असं नाही."

त्याने पुन्हा केलं, ओठ दाबून, डोळे मिटून. इतकं चोख त्याला आजवर कधी जमलं नव्हतं.

"नाही हो, भावजी." तिच्या बोलण्यात राग नव्हता, असता तर बरं झालं असतं. "घरात हे कधी अडखळायचेच नाहीत. खिडकीवर, अनोळखी माणसापुढे, थोडंसं. इथे तर घडाघडा बोलायचे. तुम्ही आलात की मात्र पहिल्या शब्दापासून सुरू व्हायचं. लहानपणी तुम्ही चारचौघांत नक्कल करायचात ना, ती धास्ती काही गेली नाही."

सगळेराव दारातच उभा होता.

"मारा ना हाक," वहिनी म्हणाली. "सरळ मारा."

त्याने तोंड उघडलं. न अडखळणारा दादा त्याने जन्मात कधी ऐकलाच नव्हता.