गानिशच्या नावाचं झाड

अ‍ॅस्पेनच्या सालीवर नाव कोरायचं तर हात हलका लागतो. चाकूचं टोक नुसतं ओढत न्यायचं. त्या दिवशी काही दिसत नाही, दुसऱ्या वर्षीही धड दिसत नाही. झाड आपली जखम आपणच भरून काढतं आणि चार-पाच वर्षांनी पांढऱ्या सालीवर काळी, फुगीर अक्षरं वर येतात. खोड वाढतं तशी अक्षरंही वाढत जातात. नवखे लोक जोर लावून खोल कोरतात, मग साल फाटते आणि अक्षरांच्या जागी नुसता काळा डाग उरतो. थोडक्यात, ज्यानं कोरलं त्याला आपण काय लिहिलंय ते बघायला पाच वर्षं थांबावं लागतं. तोवर माणसाचा राग गेलेला असतो, झाडाचा मात्र नुकता वर यायला लागलेला असतो.

आमच्या नेवाडाच्या डोंगरांत अशी हजारो झाडं आहेत. आमचे बास्क बापे स्पेन-फ्रान्सच्या सरहद्दीवरून विशीत इकडे आले. दोन हजार मेंढ्या, एक कुत्रा, एक खेचर घेऊन अख्खा उन्हाळा डोंगरात काढायचा, बोलायला चिटपाखरू नाही. मग ते झाडांशी बोलायचे. नाव, गाव, साल, एखादी शिवी, एखादी बाई. बायांची चित्रं दिसू नयेत म्हणून आई माझ्या डोळ्यांवर हात ठेवायची, आणि तिच्या बोटांच्या फटीतून मला सगळं दिसायचं. माझी एक मैत्रीण आहे, इथल्या मूळच्या शोशोनी लोकांतली, ती म्हणते, "आमची आजी या डोंगरात पाइनच्या बिया वेचायची. मग चांदीच्या खाणीवाले आले, त्यांनी ती झाडं तोडून कोळसा केला. मग तुम्ही आलात, तुमच्या मेंढ्यांनी गवत खाल्लं. आणि आता म्हणे तुमची नावं जपायची." खोटं नाही तिचं. आम्हीही काही धुतल्या तांदळाचे नाही.

पण नावं जपायची आहेत हेही खरं. अ‍ॅस्पेन माणसाएवढंच जगतं, फार तर शंभर वर्षं. जुनी झाडं आता भराभर पडतायत, आणि नवे कोंब फुटले की हरणं खाऊन टाकतात. म्हणून नोरीन नावाची एक बाई दोन वर्षांपासून रानोरान हिंडते. खोडावर पातळ कापड ताणते, वरून मेणाची कांडी घासते आणि अक्षरांचा ठसा उतरवून घेते. तिला आमची भाषा येत नाही. भेटेल त्याच्याकडून अर्थ विचारून ती फॉर्मवर लिहून घेते.

एल्को गावात माझ्या बापाचं खानावळीचं हॉटेल आहे. आता मी चालवते. एर्रामुनकाका, नात्यानं आमचा कुणी नाही, तिथं पंचावन्न वर्षं स्वयंपाक करत होता. वय एक्याऐंशी, डोळा एक, जीभ दोघांची. आता चूल मी सांभाळते, पण रोज दुपारी तो स्वयंपाकघरात येऊन रश्श्यात मीठ कमी आहे म्हणून सांगतो, मी त्याला बाहेर काढते, आणि आम्हा दोघांचा दिवस बरा जातो.

गेल्या ऑगस्टात, बुधवारी, नोरीन जेवायला आली. एर्रामुनकाका शेजारच्या बाकावर पाव तोडत बसला होता. "शनिवारी काळ्या झऱ्याच्या घळीत जातेय," नोरीन मला म्हणाली. "रीनोहून तेरेशा येतेय. तिच्या वडिलांच्या नावाचं एक झाड आहे म्हणते तिकडे. तिला ठसा हवाय."

तेरेशा म्हणजे गानिशची मुलगी, आणि गानिश म्हणजे एर्रामुनकाकाचा थोरला भाऊ. गानिश जाऊन अठ्ठावीस वर्षं झाली. दोघा भावांनी त्याआधीची एकोणतीस वर्षं एकमेकांशी एक शब्द काढला नव्हता. अंत्यविधीला काका चर्चमध्ये शेवटच्या बाकामागे उभा राहिला आणि शवपेटी बाहेर निघायच्या आत निघून गेला, हे मी डोळ्यांनी पाहिलंय. का, ते गावात कुणी विचारलं नाही. आमच्याकडे भांडण हे ज्याच्या त्याच्या घरचं असतं.

नोरीन गेल्यावर काका स्वयंपाकघरात आला. मिठाचं काही बोलला नाही.

"गाशुशा, उद्या मला डोंगरात ने."

"उद्या? उद्या मटण यायचंय. आणि या गुडघ्यांनी तू डोंगरात जाणार? जिना चढताना तीनदा देवाला हाक मारतोस."

"मग परवा ने. पण शनिवारच्या आधी. शनिवारच्या आत गेलं पाहिजे, पोरी."

मला 'पोरी' तो फक्त आई वारली तेव्हा म्हणाला होता.

शुक्रवारी सकाळी आम्ही पिकअप काढली. काकाच्या मांडीवर फडक्यात गुंडाळलेलं काहीतरी होतं. उत्तरेला वणवा लागला होता, आभाळ मातकट झालं होतं. डांबरी संपून धुळीचा रस्ता लागला तसं मी विचारलं, "फडक्यात काय आहे?"

"कानस."

"कानस कशाला?"

"घासायला."

"ते कळलं मला. काय घासायला?"

त्यानं खिडकीकडे तोंड केलं. मग जे सांगितलं ते सलग सांगितलं, मध्ये एकदाही माझ्याकडे न बघता.

बासष्ट साल. तो चोवीसचा, गानिश अठ्ठावीसचा. दोघांचे कळप वेगळे, घळी शेजारशेजारच्या. काकाची बेल्त्सा नावाची काळी कुत्री होती. जुलैत एका सकाळी उठला तर कुत्री नाही. चार दिवसांनी कळलं की ती गानिशच्या कळपाबरोबर आहे. हा तणतणत निघाला, पण पोचेपर्यंत कुत्री मेली होती. कायोटी कोल्हे मारायला सरकारी माणसं तेव्हा विषारी मांस टाकत असत, ते तिनं खाल्लं. गानिश म्हणाला, मी नाही नेली, ती आपणच आली. हा म्हणाला, तू चोर आहेस. दोघांची जुंपली, नाकातून रक्त निघालं.

"परत येताना त्या मोठ्या झाडापाशी थांबलो," काका म्हणाला. "आणि कोरलं. हलक्या हातानं, नीट. माझा हात सगळ्या डोंगरात चांगला होता."

"काय कोरलंस?"

"'गानिश कुत्राचोर. माझा भाऊ नाही.'"

मी गाडी चालवत राहिले.

"वर्षभरानं कळलं," तो म्हणाला. "वसंतात दोन्ही कळपांची सरमिसळ झाली होती ना, तेव्हा माझ्या चाळीस मेंढ्या त्याच्याकडे गेल्या होत्या. बेल्त्सा त्यांच्याबरोबर वाढलेली. कुत्री आपल्या मेंढ्यांच्या मागे गेली, झालं. शेंबड्या पोराला कळलं असतं. मला कळलं नाही."

"मग तेव्हाच जाऊन खरवडायचं."

"कुठल्या तोंडानं? तोवर मी डोंगर सोडून तुझ्या बापाच्या चुलीपुढे उभा होतो. आणि ती घळ पुढं गानिशलाच मिळाली. एकवीस उन्हाळे त्यानं त्या झाडाखाली तंबू ठोकला, गाशुशा. एकवीस. झाडाची सावली चांगली होती."

"म्हणजे त्यानं वाचलं."

"त्याला वाचता येत नव्हतं."

हे मला ठाऊक नव्हतं. काका नाकातून श्वास घेत म्हणाला, "आमचा बाप मेला तेव्हा तो आठ वर्षांचा. एकानं मेंढ्यांमागे जायचं होतं, एकानं शाळेत. तो म्हणाला, हा बारीक आहे, याला शाळेत घाला. स्वतःचं नाव तेवढं त्याला ओळखू यायचं. मला हे ठाऊक होतं, आणि तरी मी कोरलं. मुद्दाम. त्याला कळू नये आणि बाकी सगळ्यांनी वाचून हसावं म्हणून."

मला त्याचा राग आला. खोटं कशाला सांगू, गाडी वळवून परत जावं असं वाटलं. पंचावन्न वर्षं हा माणूस माझ्या घरात मीठमिरची टाकत होता आणि पोटात हे घेऊन बसला होता. पण मांडीवरची ती कानस तो पुन्हा पुन्हा फडक्यात गुंडाळत होता. मग मी गिअर टाकला आणि चढण चढले.

"कुणी ना कुणी वाचून दाखवलंच असेल त्याला," तो म्हणाला. "एकवीस वर्षांत एवढे लोक आले-गेले. मला एवढंच हवंय की त्याच्या पोरीनं ते वाचू नये. ती यायच्या आत पुसून टाकायचं. बाकी माझं काय व्हायचं ते होवो."

घळीच्या तोंडाशी नोरीनची गाडी उभी होती. वणव्यामुळे उद्यापासून रस्ता बंद करणार म्हणून त्या दोघी एक दिवस आधीच आल्या होत्या. मी काकाकडे बघितलं. "परत फिरू?" तो दार उघडून उतरला. कानस फडक्याबाहेर, उघडी, त्याच्या हातात तशीच.

शंभर पावलं चालायला आम्हाला पाव तास लागला असेल. पानं सळसळत होती, अ‍ॅस्पेनची पानं वारा नसतानाही गप्प बसत नाहीत. झऱ्यापाशी एक भलं मोठं खोड, कमरेपासून वाळवी लागलेलं, आणि त्यावर डोळ्यांच्या उंचीला काळी, बोटाएवढी जाड अक्षरं. सत्तावन्न वर्षांत चांगली हातभर पसरली होती. एकही अक्षर फाटलेलं नव्हतं. खरंच हात चांगला होता मेल्याचा.

तेरेशा झाडाकडे पाठ करून उभी होती. पंचावन्नची असेल, शाळेत शिकवते, गानिशची हनुवटी घेऊन आलीय. नोरीन खाली बसून कापडाची गुंडाळी सोडत होती. तेरेशानं काकाला बघितलं, मग कानशीला बघितलं.

"या, काका," ती म्हणाली. "एवढ्या वर्षांनी."

काकानं कानस पाठीमागं नेली. मग म्हणाला, "तू वाचलंस?"

"नऊ वर्षांची असताना. बाबा दर उन्हाळ्यात आठवडाभर मला इथं घेऊन यायचे. त्या वर्षी मला आपली भाषा वाचता यायला लागली होती, आईनं शिकवली. बाबांनी मला या झाडापुढं आणलं, डोक्यावरची टोपी काढली, चर्चमध्ये काढतात तशी. म्हणाले, हे माझ्या भावानं कोरलंय. माझं नाव आहे बघ पहिलं. आता तू सगळं वाचून दाखव."

"मग?"

"मी वाचलं मनात. आणि मग मोठ्यानं म्हणाले, 'गानिश चांगला मेंढपाळ. माझा भाऊ.'"

काका खोडाला हात टेकून उभा राहिला.

"बाबा खूश झाले. म्हणाले, बरोबर. शेजारच्या घळीतल्या पेत्रीनं हेच वाचलं, पेरू देशातून आलेला तो मेंढपाळ पोऱ्या होता त्यानंही हेच वाचलं, सगळे हेच वाचतात." तेरेशा हसली, पण तिचे डोळे भरले होते. "त्या पेरूच्या पोऱ्याला आपल्या भाषेचा एक शब्द येत नव्हता, काका. त्याला आधी कुणीतरी पढवून ठेवलं असणार. एकवीस वर्षं या डोंगरातल्या एका माणसानं तोंड उघडलं नाही. बाबा म्हणायचे, एर्रामुनला तोंडानं माफी मागता येत नाही, तो शिकलेला माणूस, तो लिहून मागतो. म्हणून तर ते इथंच तंबू ठोकायचे."

"मग बोलला का नाही माझ्याशी?"

"तुम्ही याल म्हणून थांबले होते. म्हणायचे, लिहिलंय त्यानं, आता येईलच."

मी तोंड फिरवलं. अशा वेळी माणसानं कुठं बघावं ते मला अजून कळलेलं नाही.

नोरीनला यातलं काही समजलं नव्हतं, आमची भाषा तिच्या डोक्यावरून जात होती. तिनं कापड ताणून खोडाभोवती बांधलं, मेण घासलं, आणि काळी अक्षरं एकेक करून कापडावर उतरली. मग तिनं फॉर्म काढला, पेन उघडलं आणि इंग्रजीत विचारलं, "काय लिहिलंय यात?"

तेरेशानं काकाकडे बघितलं आणि सवयीनं म्हणाली, "लिही. गानिश चांगला मेंढपाळ..."

"थांब," काका म्हणाला.

त्यानं कानस खाली गवतावर टाकली. मग टोपी काढली आणि मोडक्यातोडक्या इंग्रजीत, एकेक शब्द सुटा करून सांगितलं, "गानिश कुत्राचोर. माझा भाऊ नाही. हे लिहिलंय. तसंच लिही."

नोरीननं लिहिलं. बिचारीचा चेहरा उतरला. "आणि कुणी कोरलंय? सही दिसत नाही."

"मी. एर्रामुन, गानिशचा धाकटा भाऊ. पूर्ण नाव लिही. आणि लिही की ते खोटं होतं, कुत्री आपणच गेली होती."

"एवढं लिहायला फॉर्मवर जागा नाहीये," नोरीन हळूच म्हणाली.

"मागं लिही."

तिनं फॉर्म उलटा केला. तिचं लिहून होईपर्यंत तेरेशा काकाशेजारी येऊन उभी राहिली आणि तिनं त्याच्या कोपराला धरलं. नोरीननं मान वर केली. "आणखी काही?"

"आहे," तेरेशा म्हणाली. "त्याखाली लिही, गानिशनं हे कसं वाचलं ते."