पेटलेल्या भट्टीची तपासणी

मुरबाडच्या वरच्या अंगाला आमची जंगल कामगारांची सोसायटी होती. चेअरमन जाणू कातकरी. कोळशाची भट्टी लावावी तर त्यानेच. लिहिण्यावाचण्याचं काम माझ्याकडे, कारण मी शाळेचा मास्तर, आणि मास्तराच्या गळ्यात काहीही बांधता येतं अशी गावाची समजूत असते.

पूर्वी इथली लाकूडतोड एक ठेकेदार घ्यायचा. सरकारने ती सोसायटीला दिल्यापासून त्याच्या पोटात दुखत होतं. चौसष्ट साली त्याने अर्ज ठोकला, की जाणूने लाकूड चोरून विकलं, भट्टीत पाला कोंबला आणि वरून माती लिंपली. म्हणून सहकार खात्याचे गुप्ते साहेब एसटीने मुरबाडला उतरले आणि तिथून पायी वर आले.

माणूस वाईट नव्हता. हे आधीच सांगून टाकतो, कारण पुढे मला त्याचा फार राग आला. त्याने पाहुणचाराच्या कोंबडीचं नाव काढू दिलं नाही. हिशेब तपासले, ते बरोबर निघाले. मग म्हणाला, "आता भट्टी उघडा."

भट्टी पेटून आठवडा होत आला होता. मातीच्या ढिगातून धूर निघत होता आणि तो अजून पांढरा होता. जाणू म्हणाला, "साहेब, धूर निळा व्हायला पायजे. आता उघडली तर वारा शिरंल, समदी राख होईल. चार दिस थांबा."

"ठाऊक आहे मला," गुप्ते म्हणाले. "पण ज्याने चोरी केली तोसुद्धा हेच म्हणेल. चार दिवसांत दुसरीकडून कोळसा आणून भरता येतो. कायद्याने मला सोसायटीची कुठलीही मालमत्ता कधीही बघता येते. एका अंगाने उकरा, तेवढं बघतो."

"येका अंगानं उघडली म्हंजे उघडलीच."

खरं सांगायचं तर गुप्त्यांचं बोलणं खोडता येण्यासारखं नव्हतं, आणि त्याचाच मला संताप आला. मी म्हटलं, मग चार दिवस इथेच बसा की राखण करत. ते म्हणाले, त्यांच्याकडे दोन तालुके आहेत.

तोवर वाडी गोळा झाली होती. बाळ्या सगळ्यांत तापट. त्याने फावडं उचललं. "मी उघडतो. जळू दे कोळसा. जाणू, तुझं नाव चाललंय."

मला वाटलं, सुटलो. ज्यांचा घाम त्या भट्टीत होता तेच तिच्यावर पाणी सोडायला तयार होते. पण जाणूने बाळ्याच्या हातातून फावडं काढून घेतलं.

"नाव माजं हाय," तो म्हणाला. "कोळसा वाडीचा हाय. उघडायची नाय."

"म्हणजे तपासणीला नकार?" गुप्त्यांनी विचारलं. "याचा अर्थ समजतो ना? चेअरमनपद जाईल."

"जाऊ द्या."

गुप्त्यांनी तसं लिहून घेतलं आणि जाणूने त्याखाली अंगठा दिला. मी त्या दिवशी जाणूलाही मनातल्या मनात शिव्या घातल्या. कातकऱ्याला सोसायटीच्या खुर्चीवर बसलेलं बघायला आम्हाला किती वर्षं लागली होती, आणि हा गडी ती एका ढिगासाठी सोडून मोकळा झाला होता.

धूर निळा झाला. भट्टी विझवून, निववून उघडली, तेव्हा कोळसा काठोकाठ होता. हातात घेऊन आपटला तर खणखणत होता. मी त्याच दिवशी मुरबाडला जाऊन खात्याला कळवलं.

महिन्याभराने गुप्ते पुन्हा आले. चोरीचा अर्ज खोटा ठरून निकाली निघाला होता, पण नकार तसाच उभा होता. जाणूला काढण्याचा हुकूम त्यांच्या पिशवीत होता. त्यांनी तो लगेच बाहेर काढला नाही.

"चूक झाली असं दोन ओळींत द्या," ते जाणूला म्हणाले. "मी वरती समजावतो. एवढं झालं की खुर्ची राहते."

मी पेन उघडून बसलो होतो.

"चूक नाय झाली, साहेब."

गुप्त्यांनी हुकूम काढून माझ्या हातात दिला. त्यांचा चेहरा उतरला होता. मला वाईट वाटलं ते त्यांचं की जाणूचं, ते आज सांगता येणार नाही.

जाणूला आता निवडणुकीला उभं राहता येत नव्हतं. त्याची बायको ठकूही सोसायटीची सभासद होती, लाकडं तिनेही वाहिली होती. सभेत बाळ्याने चेअरमनपदाला तिचं नाव सुचवलं आणि सगळ्या वाडीने हात वर केले.

पुढच्या वर्षी गुप्ते तपासणीला आले तेव्हा जाणू भट्टीवर माती थापत होता. धूर पांढरा होता. गुप्ते लांबच थांबले, चपला काढाव्यात की काय अशा बेतात.

"चेअरमन," त्यांनी जाणूला हाक मारली, "मी कधी येऊ?"

जाणूने मान वर केली नाही. "मी नाय चेअरमन. तिला इचारा."

पलीकडे उभ्या ठकूने धुराकडे एकदा बघितलं. "सुक्करवारी या."

"बरं," म्हणाले गुप्ते, आणि आल्या वाटेने एसटी गाठायला उतरू लागले.