चाळीसची नळी

माझ्या चौथ्या नळीतलं द्रव शेजारच्या नळ्यांपेक्षा चार मिलिमीटर खाली उतरलं आहे. नळीच्या टोकाला केसाएवढी चीर आहे. उजेडात तिरकी धरली तरच ती दिसते.

मित्रांनो, मी एका दवाखान्याच्या प्रयोगशाळेतला जुना लाकडी स्टँड आहे. माझ्यात तोंड बंद केलेल्या सात काचनळ्या उभ्या आहेत. पहिलीतलं पाणी जवळजवळ नितळ, पुढचं प्रत्येक थोडं अधिक धूसर, शेवटचं तर दूध सांडल्यासारखं. खाली आकडे आहेत : दहा, वीस, तीस, चाळीस, पन्नास, पंच्याहत्तर, शंभर.

तुमचा मेंदू आणि पाठीच्या कण्यातला मज्जारज्जू एका स्वच्छ पाण्यात असतात. त्या पाण्यात प्रथिनं फार थोडी असतात, शंभर मिलिलिटरमागे साधारण पंधरा ते पंचेचाळीस मिलिग्रॅम. रक्तातली प्रथिनं आत घुसू नयेत म्हणून शरीर कडक पहारा ठेवतं. मेंदूच्या आवरणाला सूज आली की पहारा ढिला पडतो आणि आकडा चढतो. आजार कोणता ते आकडा सांगत नाही, पण आत काहीतरी बिनसलंय एवढं नक्की सांगतो. कमरेतून काढलेल्या त्या पाण्यात आम्ल घातलं की प्रथिनं साकळतात. दहा मिनिटांनी त्या पाण्याची नळी माझ्याशेजारी धरायची, आणि जिच्याशी गढूळपणा जुळेल तिचा आकडा लिहायचा.

मला इथल्या तंत्रज्ञ बाईंच्या सरांनी घडवलं. लाकूड त्यांनी स्वतः तासलं, आकडे बारीक ब्रशने काढले. निवृत्तीच्या दिवशी मला बाईंच्या हातात देऊन म्हणाले, "मशीन रुसलं, तर हा आहे." प्रथिनं मोजणारं मशीन आलं आणि मी कपाटावर गेलो. पण बाई मला दर महिन्याला पुसत. डॉक्टर चिडवत, "बाई, तुमचं हे संग्रहालय कधी हलणार?" बाई म्हणत, "सरांच्या हातचं आहे हो. असू द्या."

दोन वर्षांपूर्वी पुसताना त्यांना चीर दिसली. "बघू पुढच्या महिन्यात," त्या पुटपुटल्या. पुढचा महिना कधी आलाच नाही. चिरेतून हवा शिरत राहिली, आतलं द्रव नासत गेलं, आणि माझी चाळीसची नळी पंच्याहत्तरइतकी गढूळ झाली. मला ते कळत होतं. पण लाकडाला तोंड कुठलं?

परवा मशीन बंद पडलं. सुटा भाग यायला आठवडा होता. आज सात वर्षांच्या एका मुलीच्या पाठीतलं पाणी आलं. आठ दिवस ताप, डोकेदुखी. बाईंनी मला खाली उतरवलं.

त्या नेहमी डावीकडून बघत जातात आणि पहिली नळी जुळली की थांबतात. दहा नाही, वीस नाही, तीस नाही. चौथ्यापाशी त्या थांबल्या.

पुढे जा, बाई! अजून दोनच नळ्या पुढे जा! मी आतून तडकायचा बाकी राहिलो. त्यांनी चाळीस लिहिलं.

मुलीचे वडील खिडकीशी आले. त्यांच्या हातात तिचे बूट होते. "बाई, पाणी चांगलं निघालं ना?"

"प्रोटीन ठीक आहे. बाकीचं डॉक्टर सांगतील."

"ते म्हणाले, हे ठीक असेल तर आजच घरी. ती तर मघापासून बूट मागतेय. उभं राहवत नाही, पण ऐट बघा!" ते हसले आणि कागद घेऊन जवळजवळ पळतच गेले.

मित्रांनो, जुन्या वस्तू तुम्हांला 'आम्हांला जपा' अशी विनवणी करतात. माझं मागणं उलटं आहे. ज्याच्या शब्दावर कुणाचा जीव टांगलेला असतो, त्याला मायेपोटी जपू नका. त्याला तपासा. खोटा निघाला तर फेकून द्या. मला कपाटावरची धूळ चालली असती, मला मोडीचा ढीग चालेल. हे नाही चालत.

बाईंनी मला पुसायला घेतलं. फडकं चौथ्या नळीवर थांबलं. त्यांनी ती उजेडात तिरकी धरली, मग पंच्याहत्तरच्या शेजारी. दोन्हींत काडीचा फरक नव्हता.

फ्रीजमध्ये मुलीचं थोडं पाणी उरलं होतं. बाईंनी त्यातल्या थोड्यात आम्ल घातलं. दहा मिनिटं थांबायचं होतं. बाहेर वडिलांचा आवाज येत होता, "दुसरा पाय दे, बाळा." पाच मिनिटं झाली. "आता गाठ मार." आठ. दहा. या वेळी त्या उजवीकडून बघत आल्या आणि पंच्याहत्तरशी थांबल्या.

त्यांनी फोन उचलला. एकदा खाली ठेवला. माझ्यावरच्या सरांच्या अक्षरांवरून बोट फिरवलं आणि पुन्हा उचलला.

"डॉक्टर, मुलीला सोडू नका. चाळीस चुकीचं आहे, पंच्याहत्तर तरी असेल. उरलेलं पाणी आत्ताच मोठ्या प्रयोगशाळेत पाठवतेय. चूक माझी आहे, दोन वर्षांपासूनची." त्यांनी श्वास घेतला. "आणि सरांचा स्टँड मी आज मोडीत काढतेय."