तिसऱ्या फोनचं व्हर्जन

पुसताना नावांच्या चिठ्ठ्या निघाल्या आणि एका शिक्षिकेचा, एका वकिलांचा आणि समोरच्या मुलीच्या बाबांचा अशा तीन सारख्या काळ्या फोनांची सरमिसळ झाली. दुरुस्ती करणारी बाई कपाळावर हात मारून बसली.

"ताई, घोळ घातलात ना! बाबांचा आवाज त्यांच्या फोनमध्येच उरलाय," समोरची मुलगी म्हणाली. बाबा महिन्यापूर्वी गेले होते.

"थांब गं, सॉफ्टवेअरच्या व्हर्जनवरून ओळखून काढते."

तिने फोन एकेक करून कॉम्प्युटरला जोडले. शिक्षिकेने कधीच अपडेट केलं नव्हतं, म्हणजे अकरा तिचा. वकिलांचा बारावर अडकला होता, म्हणूनच तो दुरुस्तीला आला होता. उरला तो बाबांचा. त्यावर चौदा होतं.

पण कंपनीचं चौदा कालच आलं होतं, फोन आठवडाभर दुकानाच्या कपाटात होता आणि पासवर्डशिवाय अपडेट होत नसे.

"पासवर्ड कोणाला ठाऊक होता?"

"फक्त बाबांना."

मुलगी फोनवर वाकली आणि हळूच म्हणाली, "बाबा?"