एतिएनचा चुरगळलेला कागद

मी एक जुनी इस्त्री आहे, मस्कतच्या हमरिया भागातल्या भिकाजीच्या लॉन्ड्रीतली. वजनाने भारी, स्वभावाने तापट. मित्रांनो, भिकाजी गुहागरकडचा. त्याने मला बावीस वर्षांपूर्वी रुवीच्या बाजारातून आणलं. हॉटेलवाल्यांचे शर्ट मी असे करायची, की कॉलरवर बसलेली माशी घसरावी. लोक वाखाणायचे आणि मी फुगायची.

हॉटेलातला वेटर एतिएन आपले कपडे स्वतः आणून द्यायचा. त्याच्या देशात फ्रेंच बोलणारे मूठभर. तिथे लढाई पेटली आणि सरकारने फौजेतली सक्तीची भरती आधी त्यांच्याच गावांवर लादली. ही लढाई आमची नाही, म्हणून गावंच्या गावं अडून बसली. त्याच्या भावाला धरून नेलं, तो परतला नाही. एतिएनचा पासपोर्ट संपत आला होता आणि फौजेत हजर झाल्याशिवाय वकिलात नवा देणार नव्हती. हॉटेलच्या ऑफिसला मात्र तो सांगायचा, नवा पासपोर्ट येतोय, इन्शाल्ला. हे सगळं आम्हाला मागाहून कळलं.

एकदा त्याच्या पँटच्या खिशात कागदाचा बोळा सापडला. उलगडला तर आत शिक्का! भाषा भिकाजीला कळेना. इथे परमुलखात माणसाचा जीव शिक्क्याच्या कागदातच असतो. भिकाजी हळहळला, बिचाऱ्याचं सरकारी पत्र खराब झालं म्हणून. त्याने वर कापड अंथरलं, मला बेताचं तापवलं आणि आम्ही दोघांनी एकेक सुरकुती काढली. इतकं जपून मी कुणाचं रेशीमसुद्धा केलं नव्हतं. संध्याकाळी हॉटेलचे कपडे न्यायला वसईचा रॉयस्टन आला. भिकाजीने कागद त्याच्याकडे दिला, हरवू नकोस म्हणून दोनदा बजावलं. सरकारी कागद म्हणून त्याने तो सरळ हॉटेलच्या ऑफिसात नेला.

तो भरतीचा हुकूम होता. एतिएनने संतापून चुरगळलेला. नवा पासपोर्ट येणारच नाही, हे ऑफिसला कळलं. झालं! व्हिसा खलास, तिकीट हातात.

जायच्या दिवशी तो दुकानात आला. ओरडला नाही.

"भिकाजीभाई, मेरे को पूछना था ना," एवढंच म्हणाला.

भिकाजीने घाईघाईने त्याचे कपडे बांधून दिले.

विमानातून उतरताच शिपायांनी त्याला ताब्यात घेतलं, असं त्याच्या बहिणीने रॉयस्टनला कळवलं. पुढे फोन नाही, निरोप नाही. त्याचा एक पांढरा शर्ट अजून खिळ्याला आहे. भिकाजी दर शनिवारी तो माझ्याखाली घेतो. त्यावर सुरकुती नसतेच. कॉलर तेवढी पिवळी पडत चाललीय. माझी वायरही आता ठिणग्या टाकते. कधीतरी भंगारात देतील, देऊ देत.

मित्रांनो, कुणाच्या खिशातला कागद सापडला, तर असेल तसा त्याच्याच हातात द्या. मदतीची कितीही घाई असली तरी आधी त्याला विचारा. मला तोंड नाही. भिकाजीला होतं.