हिरव्या ठिपक्याचा काटा

काट्याच्या दोन टोकांमधल्या बेचक्यात काहीतरी तपकिरी अडकलं होतं – आवळ्याचा धागा असावा, वाळून ताठ झालेला – आणि रेवतीनं तो काढायला नख पुढे केलं, आणि तसंच मागे घेतलं. काटा लांब होता, सळईसारखा, दोनच टोकांचा, आणि मुठीच्या शेवटी हिरवा ठिपका. ओट्याखालच्या खणात त्याच्या शेजारी तसाच दुसरा, पिवळ्या ठिपक्याचा. हिरवा माझा, पिवळा तुझा, असं आईनं ठरवून टाकलं होतं. नुसते आवळे टोचायचे काटे, तरी ज्याचा त्याला.

मेहकरच्या बाजारात असले काटे मिळत नाहीत. दोन वर्षांपूर्वी आई स्वित्झर्लंडला, रेवतीच्या धाकट्या भावाकडे, सौमित्रकडे गेली होती, तिकडून तिनं ते साडीच्या घडीत गुंडाळून आणले. तिथे ते फॉन्ड्यूसाठी वापरतात – टेबलाच्या मधोमध लहानशा ज्योतीवर वितळलेल्या चीजचं भांडं, भोवती सगळं घर, आणि प्रत्येकानं पावाचा तुकडा काट्याला टोचून त्या एकाच भांड्यात बुडवायचा, खायचा, पुन्हा तोच काटा बुडवायचा. ठिपके एवढ्यासाठी, की कुणाचा काटा कोणता हे कळावं. भांडं एक आणि काटे वेगळे – यातलं काट्यांपुरतंच आईला पटलं असणार, असं रेवती धरून चालली होती. कालपर्यंत.

काल आनेलीनं फोनवर ते पान पाठवलं.

आनेली म्हणजे सौमित्रची बायको. तिकडे फ्रिबूर शहरातल्या एका लहान प्रकाशनात स्वयंपाकाची पुस्तकं तयार करते. हे नवं पुस्तक फॉन्ड्यूचं, पण त्याहून जास्त त्या भांड्याभोवती येऊन बसलेल्या माणसांचं – कुणी लग्नानं आलेलं, कुणी कामासाठी, कुणी आपला देश सोडून. पोर्तुगालची एक आजी आहे, इरिट्रियाचा जावई आहे, आणि एका पानावर आहेत मेहकरच्या निवृत्त शिक्षिका सुलभाबाई. अर्धं पान पाककृती, अर्धं फोटो. तपकिरी स्वेटर, पदर खांद्यावरून घट्ट घेतलेला, हिरव्या ठिपक्याचा काटा तोंडाशी, चीजची तार हनुवटीपर्यंत लोंबतेय, आणि आई हसतेय… डोळे गच्च मिटून. खाली फ्रेंचमध्ये दोन ओळी. रेवतीनं त्या शब्दकोश घेऊन लावल्या. कॉलेजच्या ग्रंथालयात इतकी वर्षं काढल्यावर छापायला निघालेल्या ओळीवरून नुसती नजर फिरवून पुढे जाता येत नाही. 'सुलभा यांच्या घरात सगळे नेहमीच एका भांड्यातून खातात. म्हणून फॉन्ड्यू त्यांना पहिल्याच घासाला आपलं वाटलं.' आणि त्याखाली आनेलीचा निरोप – काही बदलायचं असेल तर उद्या संध्याकाळपर्यंत सांग, परवा छपाईला जाईल.

ते उद्या म्हणजे आज.

एका भांड्यातून. या घरात… जिथे आई आमटीची चव पळीनं तळहातावर घेऊन बघायची आणि लगेच हात धुवायची, पाणी वरून प्यायची, ओठ न लावता, शाळेतही, प्रवासातही, आणि तिचा पेला उलटा घातलेला असला की पाहुण्यांनासुद्धा कळायचं की तो तिचा. लग्नानंतर पहिल्याच आठवड्यात तिनं बाबांच्या ताटात जेवणार नाही म्हणून सांगितलं होतं म्हणे, आणि सासूबाईंनी ते सोवळं समजून चार घरी कौतुकानं सांगितलं. सोवळं नव्हतं. देवाधर्माचं तिला फारसं नव्हतंच. उष्टं चालत नसे, एवढंच. कुणाचंच. रेवती सात-आठ वर्षांची असताना तापातून उठली होती, कुणीतरी पेरू आणून दिला होता, आतून गुलाबी, आणि तो इतका गोड निघाला की तिनं तो तसाच, दात उमटलेला, आईच्या तोंडापुढे धरला. आईनं तोंड जरा मागे घेतलं. मग उठून सुरी आणली. सुरीखाली पेरूचा झालेला तो कचकन आवाज…

"काय व रेवती, दार उघडं टाकून कुठं बसली?"

शेजारच्या कौशल्याबाई. हातात पिशवी, तिच्या तळाशी आवळ्यांचा गोल गोल भार.

"घे. झाड नुसतं लदलं आहे. तुही माय असती तं आतापर्यंत दोन बरण्या भरल्या असत्या तिनं. टाक मोरावळा."

"मला एकटीला काय करायचा काकू?"

"एकटीले तोंड नाही का?" त्या पाटावर टेकल्या, आणि रेवतीच्या हातातला काटा बघून त्यांना हसू फुटलं. "हे त्या गोऱ्या वहिनीचं नं? अव, मले काय आठवलं! पयल्यांदा आली तवा तिनं ते पांढरं पांढरं रांधलं होतं. मले वाटलं खरवस आहे. साखर कमी पडली व, म्हनून सांगतलं म्या तिले!"

रेवतीलाही हसू आलं. आठवत होतंच. आनेली लग्नानंतर पहिल्यांदा मेहकरला आली ती सामानात भांडं, ज्योत, काटे, चीज सगळं घेऊन. दिवसभर खपून तिनं फॉन्ड्यू केलं, आणि ते टेबलावर येताच आईनं कपाटातून वाट्या काढल्या आणि पळीनं प्रत्येकाला वाढून दिलं. आनेलीनं सौमित्रकडे पाहिलं, सौमित्रनं छताकडे. पाच मिनिटांत वाट्यांमध्ये चीज थिजून रबर झालं.

"दाताले अस्सं चिपकलं," कौशल्याबाई सांगत होत्या, "का आमच्या यायले वाटलं, म्या मौन धरलं. खूश झाले बिचारे! आन् तुही माय हुशार. तिनं आपली वाटी हळूच मांजरीपुढं सरकवली. मांजरीनं भी नाही खाल्लं."

मग त्यांनी पदरानं डोळे पुसले, की नुसताच चेहरा, कळलं नाही. "तुले बरं वाटावं म्हनून बोलून राह्यली मी. जेव नीट. काऊन अशी सुकत चालली?" म्हणाल्या, आणि पिशवी तिथेच ठेवून गेल्या.

आवळे धुऊन रेवतीनं परातीत घेतले. कार्तिकातही असेच धुतले होते, दोघींनी समोरासमोर बसून टोचले होते, आणि आईनं ते रात्री तुरटीच्या पाण्यात घालून पातेलं झाकून ठेवलं होतं. सकाळी आई चहा घेता घेता खुर्चीतच… आणि मग घर माणसांनी भरलं, आणि कुणीतरी, रीतच आहे तशी, घरातलं सगळं भरलेलं पाणी ओतून दिलं, त्याबरोबर ते पातेलंही. संध्याकाळी रेवती मागच्या अंगणात गेली तेव्हा मोरीच्या तोंडाशी आवळे पसरले होते, प्रत्येकावर बारीक बारीक भोकं. कुठली आईची आणि कुठली आपली, ते काही ओळखता येत नव्हतं.

आनेलीची आधीची पुस्तकं आतल्या कपाटात आहेत. दुपारी आई ती मांडीवर घेऊन बसायची आणि रेवती वाचून दाखवायची, अडखळत, शब्दकोश चाळत, मराठी करत. त्या पुस्तकांमधून सगळं जग एकमेकांच्या स्वयंपाकघरात ये-जा करायचं. कुणाची तरी आजी कुणाच्या तरी सुनेला कणीक मळायला शिकवायची आणि शेवटी सगळे एका लांब टेबलाशी बसायचे. आईला ते ऐकायला आवडायचं. "यांच्याकडे कोणी रुसत नाही का गं?" असं एकदा तिनं विचारलं होतं, आणि दोघी कितीतरी वेळ हसत होत्या. मग आईनं एका चित्रावर बोट ठेवलं, भांड्याच्या तळाशी उरलेल्या चीजच्या तांबूस पापुद्र्यावर, आणि म्हणाली, "ही त्यांची खरवड. हिच्यासाठी भांडतात. खरपूस लागते." रेवतीनं पान उलटलं. लागते, असं ती म्हणाली होती, लागत असेल असं नाही. म्हणजे चव तिला ठाऊक होती…

पण तेव्हा मला ते ऐकू आलं नाही.

दुपारी तिनं सौमित्रला फोन केला. तिकडे सकाळ होती. मागे कुठेतरी भांडी वाजत होती.

"ती ओळ काढायला सांग आनेलीला."

"कुठली? अगं, छान लिहिलंय तिनं. सगळ्यांना आवडलं."

"खोटं आहे ते. आपण कधी खाल्लं एका भांड्यातून? आई उष्टं खायची नाही, सौमित्र."

पलीकडून तो हळूच म्हणाला, "इथे खायची, ताई."

रेवतीनं फोन दुसऱ्या कानाला लावला.

"पहिल्या दिवशी नाही खाल्लं. तिसऱ्या-चौथ्या वेळी स्वतःच म्हणाली, आणा तो काटा. नंतर दर शनिवारी विचारायची, आज करणार ना म्हणून. तुला सांगितलं नाही तिनं?"

"सांगितलं असेल," रेवती म्हणाली.

फोन ठेवून ती खिडकीशी आली. डोणगावकडे जाणारी एसटी नाक्यावर हॉर्न देत वळली. सांगितलं नव्हतं. आईबरोबर याच घरात माझं सगळं आयुष्य गेलं – तिची औषधं, तिचा चष्मा, तिच्या गुडघ्याची कुरकुर, झोपेतला तिचा एक विशिष्ट सुस्कारा, हे सगळं माझ्या ओळखीचं – आणि तिथे दूर, बर्फात, चार परक्या माणसांत बसून ती डोळे मिटून हसली, आणि तो घास तिनं माझ्यासमोर कधी घेतला नाही. ओळ खोटी आहे म्हणून मला ती काढायची आहे, की फोटो खरा आहे म्हणून?

आणि त्या सकाळची ती कपबशी. माणसं यायच्या आधी, कुणाला हाक मारायच्याही आधी, टेबलावर साय धरू लागलेला अर्धा चहा होता, कपाच्या काठावर तिच्या ओठांची ओलसर खूण. कौशल्याकाकूंना हाक मारायला जाणारच होते मी. गेलेही. पण आधी तो चहा प्यायले, त्याच खुणेवर ओठ ठेवून, कोमट, बिनसाखरेचा. ती समोर होती, आणि मान जरा मागे कललेली होती – नको म्हणताना व्हायची तशी.

ऊन परातीवरून सरकून ओट्याच्या कडेला गेलं. रेवती आवळे टोचायला बसली. पिवळा काटा घ्यायला हात गेला होता, पण उचलला हिरवा. वाळलेला धागा पहिल्याच आवळ्यात शिरून दिसेनासा झाला. टोचताना बारीक करकर आवाज येत होता, बोटांवर तुरट पाणी, आणि समोरचा पाट रिकामा. एक आवळा तिनं सहज दातांखाली घेतला. आंबट, तुरट, जीभ आकसली. उरलेला काट्याला टोचून ती तशीच बसली, हात किंचित पुढे… समोर कुणी असतं तर त्याच्या तोंडाशी आला असता इतका पुढे.

तोंड मागे घेऊन, आई उठली होती. सुरी आणली होती. आवाज – कचकन. आजवर आठवण इथे संपत होती, या आवाजापाशी. पण त्यापुढेही काही झालं असणारच. पेरू कापला तर त्याचे दोन तुकडे झाले असणार, आणि माझ्या हातात परत आला तो दात उमटलेला… आणि दुसरा? दुसरा आईच्या हातात होता. ती ओट्याला टेकून तो खात होती. गोड आहे गं, म्हणाली होती. म्हणाली होती का? तिचा जबडा हलताना दिसतो आहे, गुलाबी गर दिसतो आहे, पण हे आठवतं आहे की आत्ता, या क्षणी, फोटोखाली ओळ लिहावी तसं मीच लिहिते आहे, हे मला सांगता येणार नाही… आणि विचारायचं कुणाला.

फोन उजळला. आनेलीचा निरोप – ऑफिसातून निघेपर्यंत वाट बघते, काही असेल तर कळव. रेवतीनं लिहायला घेतलं, 'आमच्या घरात', एवढंच, आणि त्यापुढची रेघ लुकलुकत राहिली. बाहेर उजेड उतरत चालला होता. तिनं फोन पालथा घातला, सुरी घेतली, काट्यावरच्या आवळ्याचा दात लागलेला भाग अलगद कापला आणि तोंडात टाकला. उरलेला, स्वच्छ, तिनं वाटीत ठेवला, आणि वाटी समोरच्या पाटाजवळ सरकवली. मग पाणी प्यायली, वरून. तुरटपणाच्या मागोमाग पाणी गोड लागतं, तसंच ते लागलं, आणि ती पुढचा आवळा टोचू लागली.